मारोतरावांचा अंदमानचा साप

अहमदपुरात माणसं खाली बघून चालतात. त्याला तशी कारणं आहेत. खड्डा असतो, शेण असतं, नालीवरची फरशी कुणीतरी उचलून नेलेली असते. अख्ख्या गावात वर बघून चालणारा माणूस एकच, आमचे शेजारी मारोतराव. मान मागं टाकलेली, हात पाठीशी बांधलेले आणि नजर झाडाच्या शेंड्यात. वाटेत झाड नसलं तर विजेच्या खांबाकडं बघतील, पण खाली म्हणून बघणार नाहीत.

एकदा एसटी स्टँडसमोरच्या पिंपळाखाली ते असे उभे राहिले आणि बघता बघता त्यांच्याभोवती ही गर्दी! सगळ्यांच्या माना वर. कुणी म्हणे माकड आहे, कुणी म्हणे मांज्यात घार अडकलीय. उदगीरच्या गाडीचा कंडक्टर घंटी मारायची सोडून खाली उतरला आणि तोही बघायला लागला. शेवटी एका म्हातारीनं मारोतरावांनाच विचारलं, "काय हाय हो वर?"

"काहीच न्हाई," मारोतराव म्हणाले. "तेच तर बघून राहिलो."

म्हातारीनं त्यांना जे काही सुनावलं ते मी इथं लिहीत नाही. पण मारोतरावांवर ढिम्म परिणाम नाही. त्यांचं एक ठरलेलं वाक्य आहे, ते त्यांनी तिला ऐकवलं: "खाली बघनाऱ्याला खड्डा दिसतो बाई, वर बघनाऱ्याला दुनिया दिसती." एवढं बोलून ते निघाले आणि मोंढ्याच्या वळणावर खड्ड्यात पडले. दोन आठवडे पाय मुरगळलेला होता. हळद मीच उगाळून दिली, आणि देताना काय काय बोलले तेही इथं लिहीत नाही.

बरं, एवढं वर बघून हे शोधतात काय? तर साप. तोही इथला नाही!

मारोतराव मूळचे लोह्याकडचे. सडका बांधणाऱ्या सरकारी खात्यात डोझर चालवायचे आणि नोकरीची बहुतेक वर्षं त्यांनी अंदमानात काढली. तिथं त्यांच्या पत्र्याच्या क्वार्टरला लागून एक भलं मोठं झाड होतं आणि त्या झाडावर एक साप राहायचा. आपल्याकडं ज्याला रुखई म्हणतात ना, बारीक, लांबलचक, फांद्याफांद्यांतून फिरणारा, त्याचाच तो भाऊबंद. फक्त वाटणी झाल्यासारखा समुद्रापलीकडं जाऊन बसलेला.

"त्या बेटांवर सोडून जगात कुठंच न्हाई, शोभाबाई," ते मला सांगतात. "कुठंच न्हाई!"

"मग इथं अहमदपुरात काय शोधता?"

"न्हाईच ना? खात्री करून घ्यावी मानसानं."

आता याला काय म्हणावं? आमची भिंतीला भिंत. मी घरी ब्लाऊज शिवते, माझं मशीन खिडकीशी, आणि त्यांची खुर्ची त्यांच्या अंगणात, माझ्या खिडकीसमोर. त्यामुळं त्या सापाचं इत्थंभूत चरित्र मला पाठ आहे. त्याची पाठ कशी? तर चिंचेनं घासलेल्या तांब्यासारखी. अंग फुगवलं की खवल्यांच्या मधून निळं दिसतं, असं निळं की शोभाबाई, कुठल्या कापडाच्या दुकानात सुद्धा मिळनार न्हाई. या फांदीवरून त्या फांदीवर उडी मारतो. विष म्हणाल तर बिलकुल नाही. दिवसा काम, रात्री झोप. पाली खातो, सरडे खातो, बेडूक खातो आणि कुणाच्या अध्यात नाही की मध्यात नाही.

मारोतरावांच्या हिशोबी माणूसही असाच असावा. एखाद्याची तारीफ करायची झाली की ते म्हणतात, "रुखईवानी मानूस हाय." एकदा आमच्या ह्यांची तारीफ झाली. "शोभाबाई, तुमचे मालक म्हंजे अस्सल रुखई. सकाळी गपचूप निघतेत, दिवसभर पोटामागं फिरतेत, अंधार पडायच्या आत गपचूप घरात. फुसकारनं न्हाई, काही न्हाई." हे जेवत होते. घास तोंडात तसाच राहिला. मला मात्र ते म्हणणं पटलं.

त्यांच्याकडं त्या सापाचा एक फोटो आहे. फ्रेम केलेला, बैठकीत, देवीच्या तसबिरीच्या शेजारी. फोटोत नुसती पानं दिसतात. येणाऱ्या जाणाऱ्याला त्या फोटोसमोर उभं करतात आणि म्हणतात, "हुडका." आजवर तो साप कुणालाही सापडलेला नाही. मी एकदा दूध तापायला ठेवून गेले होते, सुटका व्हावी म्हणून म्हटलं, "सापडला, सापडला!" तर म्हणाले, "मग शेपूट कोनत्या अंगाला हाय सांगा." दूध उतू गेलं.

गावात मात्र त्यांचा लौकिक भलताच पसरला. लोकांना वाटायचं, हा माणूस सापांतला जाणकार. पलीकडच्या गल्लीत एका घरात धामण निघाली तर लोक यांनाच बोलवायला आले. मारोतराव गेले. घरात शिरले, कंबरेवर हात ठेवून आढ्याकडं बघत उभे राहिले. धामण पिठाच्या डब्यामागं. सगळे ओरडतायत, "खाली, खाली, मारोतराव!" यांनी एकदा खाली बघितलं, म्हणाले, "ह्यो आपला विषय न्हाई," आणि चहा न घेता परत आले.

इथपर्यंत सगळं हसण्यावारी होतं. खरी पंचाईत झाली ती रेणुकेची.

रेणुका म्हणजे मारोतरावांची एकुलती एक लेक. माहूरची देवी यांची कुलदेवी, म्हणून रेणुका. आई ती तिकडं अंदमानातच तापानं गेली, पोरगी तेव्हा एवढीशी. बापानं तिला लोह्याला आत्याकडं ठेवलं आणि परत नोकरीवर गेले. ते पेन्शनीत निघून इथं घर बांधून राहिले, तेव्हा कुठं बापलेक एका छपराखाली आले. पोरगी गुणी. लातूरला एका दवाखान्यात रक्त तपासायचं काम करते, रोज एसटीनं जाते-येते. बापाचं सगळं बघते. फक्त एकदाच, माझ्याकडं ब्लाऊजचं माप द्यायला आली होती, तेव्हा बोलून गेली, "मावशी, मला आईचा चेहरासुद्धा आठवत नाही. बाबांना काही विचारलं की उठून अंगणात जातात." मी टेप गुंडाळत राहिले.

तर या पोरीची दोन स्थळं त्या सापानं मोडली. पहिल्या पाहुण्यांनी विचारलं, "अहमदपूरला पाण्याचं कसं काय?" झालं! पाण्यावरून मारोतराव पावसावर गेले, पावसावरून बेटावर, बेटावरून झाडावर, आणि झाडावर कोण बसलेलं होतं ते तुम्हाला माहीतच आहे. मुलाच्या आजीनं पाय वर घेतले ते निघेपर्यंत खाली सोडले नाहीत. दुसऱ्या खेपेला मुलगा इंजिनिअर होता. त्याला यांनी एकच प्रश्न विचारला, "झाडावर चढता येतंय का?" त्यांचा निरोपसुद्धा आला नाही.

तिसरं स्थळ आलं ते वेगळं होतं. मुलगा रेणुकेच्याच दवाखान्यात औषधांच्या खिडकीवर बसायचा. दोघांची ओळख होती, आणि नुसती ओळख नव्हती हे मला तिच्या तोंडावरून कळलं. पण तो आईच्या आणि काकाच्या शब्दाबाहेर नव्हता. ती दोघं हो म्हणाली तरच. पाहुणे यायच्या आदल्या दिवशी रेणुका माझ्याकडं आली, मशीनशेजारी बसली आणि हसत हसत रडायला लागली.

"मावशी, काही करा. पण या वेळी सापाला घरात येऊ देऊ नका."

मी तशीच उठले, मारोतरावांना देवीच्या तसबिरीसमोर उभं केलं. "हात ठेवा. म्हणा, माहूरच्या देवीची आण, उद्या पाहुण्यांसमोर साप हा शब्द तोंडातून काढणार नाही."

"आन कशाला लागती शोभाबाई? मला काय कळत न्हाई का?"

"अजिबात कळत नाही. ठेवा हात."

ठेवला बिचाऱ्यांनी. भिंतीवरचा सापाचा फोटो उतरवून मी माझ्या घरी, कपाटामागं नेऊन ठेवला.

दुसऱ्या दिवशी पाहुणे आले. मुलगा, त्याची आई आणि काका. मुलाला वडील नव्हते, म्हणून सगळी सूत्रं काकाकडं. काका पेन्शनीत निघालेले तलाठी. माणसाकडं बघतानाही सातबारा वाचल्यासारखे बघायचे. आई निलंग्याकडची, थोराड, कमी बोलणारी. मी नाश्त्याला सुशीला केला होता, भिजवून फोडणीला टाकलेले चुरमुरे छान फुलले होते, त्यावर शेंगदाण्याचा कूट, कोथिंबीर. रेणुका चहा देऊन मान खाली घालून बसली. मी मारोतरावांच्या शेजारी, कोपर त्यांच्या बरगडीच्या अंतरावर ठेवून.

"शेती?" काकांनी सुरुवात केली.

"लोह्याला. भाऊ करतो."

"पानी?"

मी कोपर सरसावलं. "बोअर हाय," मारोतराव म्हणाले आणि गप्प बसले. शाब्बास! मी सुशीला वाढून घेतला.

"अंदमानात व्हते म्हनं तुमी?"

"हाव."

"काय काय असतंय तिकडं?"

"समुद्र."

"अजून?"

"झाडं."

"झाडं तर सगळीकडंच असतेत. तिथल्या झाडात काय विशेष?"

मारोतरावांच्या कपाळावर घाम आला. "पानं असतेत," ते म्हणाले.

मुलगा तोंडावर रुमाल धरून हसू दाबत होता. त्याला रेणुकेनं सगळं सांगितलेलं असणार. मला वाटलं, जिंकलो आपण. एवढ्यात मुलाच्या आईनं पहिल्यांदाच तोंड उघडलं.

"मुलीचे मामा कुठले?"

आमच्याकडं सोयरीक जुळवताना बापाची चौकशी एक वेळ कमी होईल, मामाची नाही. मामकूळ चांगलं तर मुलगी चांगली, असा हिशोब. शिवाय लग्नात मुलीच्या पाठीमागं मामा उभा लागतो. मी उत्तर तयारच ठेवलं होतं. मुलीची आई माहूरकडची, आईबापाला एकुलती एक, तिला भाऊ नव्हता. आत्याचे मालक उभे राहतील. मी तोंड उघडणार, तेवढ्यात मारोतराव बोलले.

"हाय ना मामा. व्हता एक."

रेणुकेनं मान वर केली. मी कोपर मारलं ते लागलंच नाही.

"काय नाव?" काका सरसावून बसले.

"ती दादाच म्हनायची."

"राहायला कुठं?"

"अंदमानातच."

"तुमच्यासंगं गेलते का?"

"न्हाई. आधीपास्नं तिथंच."

"नोकरी?"

"न्हाई."

"मग धंदा?"

"झाडावरच दिवस जायचा त्याचा."

"नारळ काढायचे का?"

"न्हाई न्हाई."

"मग जंगल खात्यात?"

"खात्यात न्हाई. जंगलातच."

"लेकरंबाळं?"

मारोतरावांनी विचार केला. खरोखर विचार केला हो! "असतील," ते म्हणाले. "कधी इचारलं न्हाई."

मी सुशीलाची बशी खाली ठेवली. काकांचा चेहरा आता कोरा झाला होता. "मारोतराव, सरळ सांगा. मुलीचा मामा नेमका कोन हाय?"

"सांगता येत न्हाई," मारोतराव कळवळून म्हणाले. "मला त्यो शब्द काढायची बंदी हाय. देवीची आन हाय."

काकांनी मुलाच्या आईकडं बघितलं. अंदमान. जंगल. शब्द काढायची बंदी. पुढचं त्यांच्या कपाळावर लिहिलेलं मला वाचता येत होतं: काळ्या पाण्यावर गेलेला खुनी मामा! काकांनी अर्धा कप तसाच ठेवला, खांद्यावरचं उपरणं सारखं केलं आणि उठायच्या बेतात आले. मुलाचं हसू कधीच गेलं होतं. तिसरं स्थळही माझ्या डोळ्यांदेखत बुडायला लागलं.

"साप," रेणुका म्हणाली.

सगळे तिच्याकडं वळले.

"माझा मामा साप असणार. झाडावरचा. बाबा तेवढं एकच सांगतात." मग ती बापाकडं वळली. "पण त्याला आई दादा म्हणायची हे मला कधी सांगितलं नाही तुम्ही. मावशी, आण सोडवा. आता सांगू द्या त्यांना."

मी म्हटलं, "सोडली. देवीला मी बघते. बोला."

मारोतरावांनी आणेला ठेवलेला हात एकदा उलटसुलट करून बघितला. मग बोलायला लागले, आणि पाहुण्यांशी नाही, लेकीशी.

"तुझी आई खेड्यातली. हिंदी येईना. शेजारी एक घर मद्राशाचं, एक बंगाल्याचं. त्यांचं हिला कळंना, हिचं त्यांना कळंना. मी पहाटं डोझरवर जायचो ते दिवस मावळल्यावर यायचो. दिवसभर तोंड मिटून राहायची बिचारी. पहिली नागपंचमी आली. सासरच्या लेकीला न्यायला पंचमीला भाऊ येतो, मुराळी. हिला तसाही भाऊ नव्हता. पण गावात असली की दुसऱ्यांचे मुराळी तरी दिसायचे. तिथं तेबी न्हाई. खिडकीत उभी राहून रडून राहिली. अन् त्याच वक्ताला त्यो पालीच्या मागं फांदीवरून पत्र्यावर आला अन् खिडकीत डोकावला. मी काठी उचलली. तर हिनं माझा हात धरला. म्हनली, मारू नका. माझा मुराळी हाय. एवढा समुद्र पार करून आलाय अन् तुमी काठी घेता?"

मुलाच्या आईनं चहाचा कप हळूच खाली ठेवला.

"तवापास्नं दादा. रोज यायचा. 'आलास का दादा, बस,' म्हनायची. काय भाजी केली ते सांगायची, माझी गाऱ्हानी सांगायची. मी सांजच्याला आलो की त्यो फांदीवरून माझ्याकडं असा बघायचा, जसं सगळं ठावं हाय." मारोतराव जरासे हसले. "मग ती गेली. तुला आत्याकडं सोडून मी परत गेलो. तर त्यो यायचाच की खिडकीत. त्याला कोन सांगनार? मला तिच्यावानी बोलता येईना. नुसता बघत बसायचो. ती कशी व्हती हे ठावं असनारे तिथं दोघंच उरलो व्हतो, मी अन् त्यो."

मी इतकी वर्षं खिडकीत बसून या माणसाच्या सापाच्या गोष्टी ऐकल्या, कंटाळले, वैतागले. आणि आत्ता कळलं की प्रत्येक गोष्ट त्यांच्या बायकोची होती. फक्त तिला वगळून सांगत होते. मला हुंदका आला, तो मी बशा गोळा करायच्या निमित्तानं लपवला.

काका खाकरले. त्यांना पुढचा प्रश्न सुचत होता, हे दिसत होतं. पण मुलाच्या आईनं पदरानं डोळे टिपले आणि त्यांच्याकडं वळली.

"भावजी, पुसायचं झालं का तुमचं?"

"तसं न्हाई वैनी, पण मामकूळ म्हंजे..."

"मामकूळ पसंत हाय मला," ती म्हणाली. "बहिनीच्या खिडकीत रोज येनारा भाऊ आपल्या निलंग्यात तरी कुठं घावतोय? माझे दोघं हायेत, दोघांकडं गाड्या हायेत. पंचमीला फोन करतेत."

काका परत टेकून बसले. तिनं मला साखर मागितली, रेणुकेच्या हातावर ठेवली आणि तोंड गोड कर म्हणाली. मुलानं रुमाल खिशात घातला, चुकून चमचाही घातला. पुढच्या बोलाचाली, तारखा, मानपान, ते सगळं काका आणि मी मिळून मिटवलं. त्यात काका तरबेज निघाले.

पाहुणे गेले. मी स्वयंपाकघरात भांडी लावत होते. रेणुका अजून त्याच साडीत, बापासमोर खाली जमिनीवर येऊन बसली.

"बाबा, आई अजून काय म्हणायची त्याला?"

मला वाटलं, आता हे उठून अंगणात जातील. पण ते बसून राहिले.

"दुपारच्याला तू खिडकीखाली झोपलेली असायचीस," ते म्हणाले. "त्यो पत्र्यावरून सरकला की आवाज व्हायचा. मग ती म्हनायची..."

घसा साफ केला. आणि मग त्या डोझर चालवणाऱ्या माणसाच्या तोंडून एक बारीक, हळुवार, माहूरकडच्या वळणाचा बायकी आवाज आला. त्या आवाजात हसण्यासारखं काहीच नव्हतं.

"दादा, हळू जा रे. रेणू आत्ताच निजलीय."

माझ्या हातातलं ताट हातातच राहिलं. आईच्या बोलण्यात आपलं नाव त्या पोरीनं आयुष्यात पहिल्यांदा ऐकलं. ती जराशी पुढं सरकली. मग बापाच्या गुडघ्यावर हात ठेवून म्हणाली, "परत म्हणा."

मारोतरावांनी परत म्हटलं.